वीराभाऊंचा रोल रिकामा आहे



१३ एप्रिल २०२१. भीमजयंतीचा आदला दिवस. नागपुरात कोरोनानं वीरा साथीदार गेले. जोगीनगरच्या वस्तीतला माणूस, 'विद्रोही'चा संपादक, उभा जन्म चळवळीत घातलेला. आणि बातमी काय आली? 'कोर्ट'मधला नट गेला. संपलं. एका ओळीत सगळे मोकळे!

असं का होतं? कारण नट यांना चालतो, कार्यकर्ता चालत नाही. नटाला टाळी देता येते. कार्यकर्त्याला उत्तर द्यावं लागतं.

तो सिनेमाच घ्या. चैतन्य ताम्हाणेचा, २०१४ चा. व्हेनिसला बक्षिसं, मग राष्ट्रीय पुरस्कार, २०१५ ला भारतातर्फे ऑस्करची वारी. वीराभाऊ त्यात शाहीर नारायण कांबळे. आरोप काय? तर यांचं गाणं ऐकून गटारात उतरणाऱ्या कामगारानं जीव दिला! साक्षीला त्याची बायको येते. सांगते, अंगावर कसलं साधन नसायचं. वास सोसवत नाही म्हणून दारू पिऊन उतरायचा. आधी आत दगड टाकून बघायचा. झुरळं बाहेर आली तर उतरायचं, नाहीतर आत विषारी वायू. खून कुणी केला ते तिथंच उघडं पडतं. तरी आरोपी कोण? गाणारा. जामीन मिळाला की पुन्हा अटक, या खेपेला यूएपीए. मग कोर्टाला सुट्टी लागते. शाहीर आत, न्यायाधीश सहलीला.

खटला शाहिराचा, पण पडद्यावर जास्त वेळ वकिलांची घरं, त्यांची जेवणं, साहेबांची डुलकी. ज्याच्या गळ्याला फास, तोच दुय्यम नट! दिग्दर्शकानं ते जाणून केलं, आरसा धरला. पण आरशात स्वतःचं थोबाड बघून वाहवा करणाऱ्या पांढरपेशांचं काय? सिनेमा छान होता म्हणाले आणि घरी गेले. गटार तिथंच राहिलं.

२०१३ च्या कायद्यानं गटारात माणूस असा उतरवणं गुन्हा आहे. तरी सरकारनंच संसदेत आकडा दिला. २०१९ ते २०२३ या पाच वर्षांत गटारं आणि सेप्टिक टाक्या साफ करताना ३७७ माणसं मेली. यांची नावं कुठल्या पडद्यावर आली?

आणि आपण तरी काय दिवे लावले? आपला माणूस ऑस्करला गेला म्हणून छाती फुगवली. खरं सांगा, 'विद्रोही'ची वर्गणी किती जणांनी भरली? आपणही त्यांना नटच करून टाकलं, गड्यांनो.

तेव्हा जयंतीच्या बॅनरवर वीराभाऊंचा फोटो लावायचा तर लावा. पण आधी आपल्या वस्तीच्या गटारात कोण उतरतो, त्याचं नाव विचारा. त्याला उतरवणाऱ्या ठेकेदाराचं नाव लिहून घ्या. तक्रार करा. घेत नसतील तर छापा, भिंतीवर लिहा, डफावर गा. मग तुमच्यावरही खटला होईल. होऊ द्या.

वीराभाऊंचा रोल रिकामा आहे. त्याला नट नको.

जयभीम.