वाळूची ऊब आणि आमचें कर्तव्य

सातारा-सांगलीच्या मुलांस समुद्र दूरचा. परंतु सह्याद्रीपलीकडे रत्नागिरी जिल्ह्यांत वेळास नांवाचें गांव आहे. तेथें थंडीच्या दिवसांत समुद्रकासवाची मादी रात्रीं किनाऱ्यावर येते, वाळूंत सुमारें हातभर खड्डा करून शंभराच्या आसपास अंडीं घालते व परत जाते. पिल्लांचें संगोपन पुढें वाळूच करिते.

कासवाचें पिल्लूं नर होईल कीं मादी, हें अंडीं उबण्याच्या मधल्या काळांतील उष्णतेवर ठरतें. वाळू थंड असल्यास नर, उष्ण असल्यास माद्या निपजतात. 29-30 अंश सेल्सिअसच्या आसपास दोन्ही. उष्णता 35 अंशांच्या वर टिकली, तर गर्भ मरूं लागतात. वाळू फार ओली असल्यास गर्भास श्वास मिळत नाहीं. फार कोरडी असल्यास अंडें सुकतें.

2002 सालीं चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेनें ग्रामस्थांच्या साहाय्यानें येथील अंडीं राखण्याचें काम आरंभिलें. अंडीं कुंपणांत पुन्हा पुरतात. 45 ते 60 दिवसांनीं पिल्लें निघतात. हें कार्य स्तुत्य होय. कोणी म्हणेल, पिल्लांची संख्या वाढली, आतां काय उणें? आमचें मत निराळें आहे. सोडलेलीं सर्व पिल्लें माद्याच असलीं, तर पुढील पिढी कोठून यावी? यास्तव खड्ड्याची खोली, सावली व उष्णता यांकडे लक्ष देणें पहाऱ्याइतकेंच अगत्याचें आहे.

हा धडा आमच्या दारींही आहे. कृष्णेंत भिलवडी-औदुंबरच्या बाजूस मगरी आहेत. त्यांच्या पिल्लांचें लिंगही उष्णतेनेंच ठरतें, पण रीत निराळी : 31 अंशांपर्यंत माद्या, तर साडेबत्तीसच्या सुमारास बहुतेक नर. मगर काठच्या वाळूमातींत अंडीं घालते. आम्ही वाळू उपसून काठच खरवडला, तर तिनें अंडीं कोठें घालावीं?

म्हणून पालकांस विनंती कीं, घर बांधतांना वाळू कोठून येते, याची चौकशी करावी. विद्यार्थ्यांनीं झाडाच्या सावलींतील व उन्हांतील मातीची उष्णता हातभर खोलीवर मोजून पाहावी. थोड्याशा अंतरानें पडणारा फरक पाहून अंड्यास जागा निवडणें केवढें महत्त्वाचें, हें त्यांस कळेल. परमेश्वरानें ज्या वाळूकडे आईचें काम सोंपविलें, ती राखण्याचें काम त्यानें आम्हांकडे सोंपविलें आहे.