प्रतीक्षा यादीचे एक वर्ष आणि आपले सहा महिने

सरळसेवा भरतीत प्रतीक्षा यादीचे आयुष्य साधारणपणे एक वर्षाचे किंवा नवी जाहिरात निघेपर्यंतचे, यांपैकी जे आधी संपेल तेवढे. जळगाव-धुळ्यातला उमेदवार वकिलाच्या कार्यालयाची पायरी चढतो तेव्हा त्यातले काही महिने गेलेलेच असतात. मग आपण त्याला निवेदन द्यायला सांगतो आणि उत्तराची वाट पाहतो, कारण प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २० नुसार निवेदनावर सहा महिने निर्णय झाला नाही की महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा (मॅट) मार्ग मोकळा होतो. कलम २१ त्यापुढे आणखी एक वर्ष देते. अर्ज मुदतीत बसतो खरा, पण ज्या यादीसाठी तो केला ती तोवर संपलेली असते. या प्रकरणांत सहा महिने थांबण्याची सवय सोडली पाहिजे, असे आमचे ठाम मत आहे. कलम २० सर्वसाधारण नियम सांगते आणि अपवादाला जागा ठेवते. यादी संपण्याची तारीख दाखवून तो अपवाद मागणे हे आपलेच काम. जिल्हा परिषदेची पदे तर मॅटच्या कक्षेत येतच नाहीत. तिथे थेट औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका करता येत असूनही आपण सवयीने थांबतो.

यादीत नाव आल्याने नेमणुकीचा अबाधित हक्क मिळत नाही, हे शंकरसन दाश (१९९१) निकालातले वाक्य शासनाच्या शपथपत्रात हमखास असते. त्याच परिच्छेदात घटनापीठाने हेही म्हटले आहे की पदे न भरण्याचा निर्णय सद्भावनेने आणि योग्य कारणांसाठी घेतलेला हवा, त्यात मनमानी नको. तेज प्रकाश पाठक प्रकरणात २०२४ साली पाच न्यायमूर्तींनी हीच भूमिका कायम ठेवली. तेव्हा नुसती 'नियुक्ती द्या' ही मागणी पहिल्याच सुनावणीत अडखळणार. यादी चालू असताना ती वापरायची की नाही यावर कारणांसह निर्णय द्या आणि तोवर एक पद रिक्त ठेवा, ही मागणी टिकते.

तिला आधार हवा तो कागदांचा. वरचा उमेदवार रुजू झाला नाही, एवढे लिहून भागत नाही. त्याचा नियुक्ती आदेश कधीचा, रुजू होण्याची मुदत कोणती, मुदतवाढ किती वेळा दिली आणि आदेश रद्द केव्हा झाला, या चार तारखा अर्जात हव्यात. आस्थापना शाखेने मुदतवाढीवर मुदतवाढ दिली की यादीचे वर्ष त्यातच सरते आणि दोष कोणाच्याच नावावर पडत नाही. खानदेशात याला जात वैधतेची जोड आहे. टोकरे कोळी किंवा ठाकूर जमातीचे दावे तपासणी समितीपुढे आणि नंतर न्यायालयात दीर्घकाळ चालतात. तेवढा काळ ते पद अडकते आणि त्याच प्रवर्गातला खालचा उमेदवार ताटकळतो. माहिती अधिकारातले उत्तर यायला तीस दिवस लागतात, म्हणून तो अर्ज निवेदनाबरोबरच, त्याच दिवशी गेला पाहिजे.

यावर आक्षेप असा, की याद्या लांबवल्या तर नंतर पात्र झालेल्या मुलांची संधी जाते. गुजरात उप कार्यकारी अभियंता संघटनेच्या निकालात (१९९४) सर्वोच्च न्यायालयाने प्रतीक्षा यादी हा भरतीचा कायमचा स्रोत होऊ शकत नाही असे सांगितले, ते याच कारणाने, आणि ते योग्यच आहे. जाहिरातीपेक्षा एकही जास्त पद किंवा वर्षापेक्षा एकही जास्त दिवस आम्ही मागत नाही. जाहिरात दिलेले पद त्याच परीक्षेतल्या पुढच्या उमेदवाराला मुदतीत मिळावे, एवढेच मागणे आहे. त्याने नव्या मुलांचे काही जात नाही. दुसरा आक्षेप अधिक अवघड: सुनावणी चालू असतानाच यादी संपली तर? महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाविरुद्धच्या पुरुषोत्तम प्रकरणात (१९९९) निवड झालेल्या उमेदवाराला चुकीने डावलले होते. मधल्या काळात यादी संपली आणि पद दुसऱ्याने भरले, या सबबीवर त्याचा हक्क हिरावता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. तो उमेदवार निवड यादीतला होता, प्रतीक्षा यादीतला नव्हे, हा फरक लपवू नये. तरीही प्रशासनाच्या चुकीचा भार उमेदवारावर टाकू नये हे त्यातले तत्त्व आपल्या उपयोगाचे आहे, फक्त यादी चालू असताना दाद मागितल्याचे दाखवता आले पाहिजे. मॅटमध्ये एकतर्फी अंतरिम आदेश कलम २४ प्रमाणे चौदा दिवसच टिकतो. म्हणून अर्जाची प्रत मुख्य सादरकर्ता अधिकाऱ्यांकडे आधीच पोहोचवावी आणि पद रिक्त ठेवण्याची विनंती दोन्ही बाजू ऐकून पहिल्याच तारखेला निकाली निघेल, अशी तयारी करूनच संभाजीनगरची गाडी धरावी.