पडद्याची विस्मृती

मार्च 1996 मध्ये पॅरिसच्या सेझार समारंभात साहाय्यक भूमिकेचे पारितोषिक स्वीकारताना अभिनेत्री आनी जिरार्दो यांना रडू आवरेना. आपली उणीव फ्रेंच चित्रपटाला भासली की नाही हे ठाऊक नाही, आपल्याला मात्र त्याची उणीव अतिशय वेदनेने भासली, असे त्या म्हणाल्या. सभागृहाने टाळ्यांचा कडकडाट केला. ज्या व्यवसायाने या बाईंना वर्षानुवर्षे दाराशी तिष्ठत ठेवले, तोच टाळ्या वाजवीत होता!

वय झाले, रूप ओसरले, असे समर्थन अशा वेळी केले जाते. जिरार्दो यांच्या बाबतीत ते टिकत नाही. डोळे दिपविणारे रूप हे त्यांचे भांडवल कधीच नव्हते. कोमेदी फ्रांसेझमध्ये घडलेल्या या नटीने 1960 मध्ये व्हिस्कोंती यांच्या ‘रोको आणि त्याचे भाऊ’मध्ये नाव मिळविले, परंतु फ्रान्सने त्यांना आपले मानले ते चाळिशीच्या उंबरठ्यावर, कामकरी स्त्रियांच्या भूमिकांमुळे. 1971 च्या ‘मुरीर देमे’ या चित्रपटामागे मार्सेय येथील गाब्रिएल रुसिए या शिक्षिकेची सत्यकथा होती. विद्यार्थ्यावरील प्रेमापायी तिला तुरुंगवास घडला आणि 1969 मध्ये तिने जीवनाचा अंत केला. तिच्या वर्तनाचे समर्थन कोणी करो वा न करो, समाजाने दिलेली शिक्षा अपराधाच्या मानाने केवढी होती, हा प्रश्न जिरार्दो यांच्या थकल्या चेहऱ्याने लक्षावधी प्रेक्षकांपुढे ठेवला. पुढे कर्करोगाने ग्रासलेल्या डॉक्टरच्या भूमिकेने त्यांना 1977 मध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे सेझार मिळवून दिले.

त्याच वर्षी एका विनोदी चित्रपटात त्या पोलीस अधिकारी होत्या आणि फिलिप न्वारे प्राध्यापक. न्वारे त्यांच्याहून वर्षाने मोठे. ‘सिनेमा पॅराडिसो’ त्यांना 1988 मध्ये लाभला, ‘इल पोस्तिनो’ 1994 मध्ये. पिकल्या केसांनी त्यांची किंमत वाढलीच. जिरार्दो यांना मात्र त्या काळात दूरचित्रवाणीचा आधार घ्यावा लागला. 1983 मध्ये रंगमंचावरील एका खर्चिक प्रयोगात त्यांनी स्वतःचा पैसा बुडविला, हे खरे. पण पैसा बुडाला म्हणून अभिनय बुडतो काय? छोट्या पडद्याला नाके मुरडणाऱ्यांनी एवढे ध्यानात घ्यावे, की मोठ्या पडद्याने नाकारलेल्या नटीला काम दिले ते त्यानेच.

मिखाएल हानेके यांच्या ‘पियानो शिक्षिका’ (2001) या चित्रपटातील जाचक आईच्या भूमिकेने तर कलावंत संपला नव्हता, हे निर्विवाद ठरविले. 2002 मध्ये पुन्हा सेझार आले. तोवर वेळ थोडा उरला होता. त्यांना अल्झायमरची व्याधी जडल्याचे 2006 मध्ये जाहीर झाले. 28 फेब्रुवारी 2011 रोजी, वयाच्या 79 व्या वर्षी, पॅरिसमध्ये त्यांचे निधन झाले. अखेरच्या चित्रणांच्या वेळी संवाद आठवेनासे झाले, तेव्हा कानातील यंत्रातून ते सांगितले जात, आणि त्या ते बोलत.