रीमास्टरिंग करताना खरखर पुसायची की जपायची? 'नॉय! २'ची गोष्ट

म्युझिक ॲपवर अनेक जुन्या अल्बमच्या नावापुढे 'रीमास्टर्ड' असं लिहिलेलं दिसतं. जुनं गाणं झाडून-पुसून चकाचक केलं, असा आपला समज होतो. पण खरखर हाच गाण्याचा भाग असेल तर?

या अल्बममध्ये वेगळं काय आहे?

मिखाएल रोटर आणि क्लाउस डिंगर हे जर्मनीतल्या ड्यूसलडॉर्फचे दोन संगीतकार. आधी क्राफ्टवर्कमध्ये वाजवणाऱ्या या दोघांनी 'नॉय!' हा बँड काढला. अशा प्रयोगशील जर्मन संगीताला पुढे 'क्राउटरॉक' म्हटलं गेलं.

दुसऱ्या अल्बमचं रेकॉर्डिंग अर्ध्यावर असतानाच पैसे संपले. मग त्यांनी आपलीच आधीची एक छोटी तबकडी घेतली. तिच्यावरची गाणी कधी ७८ च्या वेगानं पळवली, कधी १६ च्या वेगानं रेंगाळत ठेवली आणि अल्बमची दुसरी बाजू भरून काढली. १९७३ मध्ये 'नॉय! २' आला. अनेकांना ही फसवणूक वाटली. आज याच बाजूकडे रीमिक्सची सुरुवातीची पावलं म्हणून पाहिलं जातं.

रीमास्टरिंग म्हणजे काय?

रीमिक्समध्ये गाण्याची मांडणीच बदलते. रीमास्टरिंगमध्ये तयार मिश्रण तेच राहतं. मूळ टेपवरून आवाज पुन्हा उतरवून घेतात, खालचे-वरचे सूर समतोल करतात, नको असलेला आवाज काढतात. पण 'नको असलेला' कोणता, हे संगणक ठरवू शकत नाही. तबकडीची खरखर आणि डगमगणारा सूर त्याला दोषच वाटणार.

मग ठरवायचं कुणी?

रोटर आणि डिंगर यांचं आपसात पटत नव्हतं. त्यामुळे अनेक वर्षं अधिकृत सीडी निघालीच नाही, चोरट्या प्रती मात्र विकल्या जात होत्या. अखेर २००१ मध्ये जर्मन गायक हर्बर्ट ग्रोनेमायर यांच्या ग्रोनलांड कंपनीनं बँडचे अल्बम रीमास्टर करून आणले. मूळ ध्वनिमुद्रण करणारे कॉनी प्लांक १९८७ मध्येच गेले होते, पण दोन्ही संगीतकार तेव्हा हयात होते. डिंगर २००८ मध्ये गेले.

म्हणूनच उशीर महाग पडतो. टेप जपून ठेवता येते, पण 'ही खरखर आम्ही मुद्दाम ठेवली' असं सांगणारी माणसं कायम राहत नाहीत. पुढच्या वेळी 'रीमास्टर्ड' दिसलं, तर आवाज किती स्वच्छ झाला एवढंच पाहू नका. तो कुणाला विचारून स्वच्छ केला, हेही पाहा.