तिसऱ्या मुंबईच्या नियोजनकारांना, दुसऱ्या मुंबईच्या गावठाणातून

माननीय नियोजनकार,


मार्च २०२४ मध्ये शासनाने उरण, पेण आणि पनवेल तालुक्यांतल्या १२४ गावांच्या जमिनीवर नवे शहर वसवायचे जाहीर केले. क्षेत्र सुमारे ३२३ चौरस किलोमीटर. लोक त्याला आताच ‘तिसरी मुंबई’ म्हणू लागले आहेत. शिवडी ते न्हावा-शेवा असा अटल सेतू त्याच वर्षी जानेवारीत खुला झाला, तेव्हाच पुलापलीकडच्या भातखाचरांचे पुढे काय होणार हे आम्हा खाडीकाठच्या लोकांना कळून चुकले होते. मी त्या १२४ गावांतला नाही. मी आधीच्या ९५ गावांपैकी एका गावातला आहे, ज्यांच्या जमिनीवर नवी मुंबई उभी राहिली. तुमचा आराखडा पक्का होण्याआधी आमच्याकडे काय घडले ते तुमच्यापर्यंत पोहोचावे, म्हणून हे पत्र उघडपणे लिहितो आहे. मनात राग आहे, पण त्याहून दुःख जास्त आहे.

आमचे शहर वाईट हेतूने आखले गेले, असे मी म्हणणार नाही. मुंबईची दाटी कमी करायला खाडीपलीकडे जावे, हा विचार मुंबईच्या वाढीचा अभ्यास करणाऱ्या बर्वे समितीच्या काळापासून होता. १९६५ मध्ये चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी ‘मार्ग’ या नियतकालिकातून जुळ्या शहराची कल्पना मांडली. पुढच्याच वर्षी धनंजयराव गाडगीळ यांच्या समितीनेही मुख्य भूमीवर विस्तार करण्याची दिशा दाखवली. १७ मार्च १९७० रोजी हे शहर उभारणारे सरकारी महामंडळ, सिडको, स्थापन झाले. ३४४ चौरस किलोमीटर जमीन, वीस लाख माणसांचे शहर. कल्पनेचा गाभा असा होता : सगळी जमीन आधी सार्वजनिक मालकीत घ्यायची, म्हणजे शहर वाढताना जमिनीची किंमत वाढेल ती सट्टेबाजांच्या खिशात जाणार नाही. त्या वाढीव किमतीतूनच रस्ते, पाणी, शाळा आणि गरिबांची घरे होतील.

मी हे वाचले तेव्हा मला ते पटले, आणि आजही पटते. दुखते ते इथेच. ज्यांनी सट्टेबाजांचा एवढा विचार केला, त्यांना आम्ही दिसलो नाही. जमीन शेतीच्या भावाने घेतली गेली आणि शहराच्या भावाने विकली गेली. या दोन भावांमधल्या फरकातून शहर उभे राहिले. फरक ज्यांच्या जमिनीतून निघाला त्यांचा हिस्सा मात्र पहिल्या हिशेबात कुठेच नव्हता. तो नंतर मागावा लागला, आणि त्यासाठी माणसे मेली.

आमची जमीन काय होती हेही सांगायला हवे, कारण कागदपत्रांत ती पडीक, दलदलीची अशी दिसते. ती खारजमीन होती. समुद्राच्या भरतीला बांध घालून, पाणी अडवायची-सोडायची दारे म्हणजे उघाड्या बसवून, पिढ्यान्‌पिढ्या गावाने राखलेली. बांध फुटला की अख्खे गाव रात्री चिखल टाकायला जात असे. त्या शेतात खारे पाणी सोसणारे लाल राता भात पिकत होते. भात निघाले की खाजणात मासे, कोळंबी, चिंबोऱ्या. बाजूला मिठागरे. नवरा मिठागरावर, बायको खाडीत, मुले बांधावर, असे घर चालत असे. शेती बुडाली तर खाडी होती, खाडीने हात आखडला तर मीठ होते. जमीन संपादन झाली तेव्हा मोबदला एकरावर मोजला गेला. खाडीचा आणि मिठाचा मोबदला कोणी कुठल्या एककात मोजणार होते? ज्यांच्या नावावर सातबारा नव्हता, जे दुसऱ्याच्या मिठागरात राबत होते किंवा फक्त मासेमारीवर जगत होते, त्यांचा आवाज तर कुठल्याच सुनावणीपर्यंत पोहोचला नाही.

१६ आणि १७ जानेवारी १९८४ या दोन दिवसांत जासई-नवघर परिसरात पोलिसांच्या गोळीबारात पाच शेतकरी मारले गेले. शेतकऱ्यांचे नेते दि. बा. पाटील साहेब यांच्या नेतृत्वाखाली लोक रस्त्यावर उतरले होते, त्यात बायका होत्या, म्हातारी माणसे होती. मागणी शहर नको अशी नव्हती. शहर होत असेल तर त्यात आमची जागा कुठे आहे ते दाखवा, एवढीच होती. संपादन केलेल्या जमिनीपैकी साडेबारा टक्के विकसित जमीन मूळ मालकाला परत देण्याचे तत्त्व या आंदोलनातून आले. आज देशात कुठेही विकसित भूखंड परत देण्याची योजना निघाली की तिचे कौतुक पुरोगामी नियोजन म्हणून होते. तिची सुरुवात नियोजनकाराच्या टेबलावर झाली नाही, जासईच्या रस्त्यावर झाली. नगररचनेच्या वर्गात हे शिकवले जात नसेल तर शिकवले गेले पाहिजे.

पण साडेबारा टक्क्यांची पुढची गोष्ट तुम्ही नीट ऐका, कारण तुमच्याही आराखड्यात असे काही टक्के असतीलच. नवी मुंबईत १९७० च्या दशकात गेलेल्या जमिनीसाठी ही योजना लागू झाली १९९० मध्ये. मधल्या वीस वर्षांत जमीनधारकाची एक पिढी गेली. एका सातबाऱ्यावर वीस-पंचवीस वारस झाले. वारस दाखला, कोर्ट, बहिणींची सही, हरवलेला निवाडा. साडेबारातून सामाजिक सुविधांसाठी पावणेचार टक्के वजा होत, म्हणजे हातात पावणेनऊच. भूखंड मिळायचा तो बहुतेकदा आपल्या गावात नाही, दुसऱ्याच उपनगरात. आमच्या घरची फाइल माझ्या आजोबांच्या नावाने सुरू झाली आणि वाटप माझ्या वडिलांच्या म्हातारपणी झाले. तोवर घरात कर्ज होते, लग्ने होती, आजारपणे होती. भूखंडाचे पत्र हातात पडण्याआधीच दलाल दारात उभे होते. सिडको, आम्ही आणि खरेदीदार असा त्रिपक्षीय करार झाला, पैसे आले, आले तसे गेले. त्या भूखंडावर आज उभी असलेली इमारत मी फक्त रस्त्यावरून पाहतो. हे एकट्या आमच्या घराचे नाही, गावात घरोघरी हेच आहे. लोक म्हणतात, इथल्या आगरी-कोळ्यांनी पैसे उडवले, गाड्या घेतल्या, लग्नात उधळले. मला हे ऐकून फार वाईट वाटते. ज्या माणसाला आयुष्यभर हंगामाचे उत्पन्न मिळाले, त्याच्या हातात आयुष्यात एकदाच मोठी रक्कम ठेवायची, तिचे काय करायचे ते सांगायला कोणी यायचे नाही, आणि मग त्यालाच नावे ठेवायची, हा अन्याय आहे.

आता गावठाण. माझे खरे दुखणे हे आहे.

महाराष्ट्रात १९६६ या एकाच वर्षी दोन कायदे झाले. जमीन महसूल संहितेने गावठाणाच्या हद्दी ठरवण्याचा आणि बदलण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना दिला. प्रादेशिक व नगररचना कायद्याने नवे शहर जाहीर करण्याचा अधिकार शासनाला दिला. नवी मुंबईत दुसऱ्या कायद्याचा वापर पूर्ण ताकदीने झाला. पहिल्याकडे कोणी पाहिलेच नाही. गावाच्या सभोवतीची सगळी जमीन संपादन झाली, आणि गावठाणाची हद्द जुन्या मोजणीत होती तिथेच राहिली. शेती गेली म्हणजे खळे गेले, गुरांचा वाडा गेला, वाढत्या कुटुंबाला घर बांधायला गावाबाहेर असायची ती मोकळी जागाही गेली. पण माणसे वाढायची थांबणार होती का? चार भाऊ, चौघांची लग्ने, चौघांची मुले. कुठे राहायचे होते त्यांनी? त्यांनी मागच्या अंगणात खोली काढली, वर मजला चढवला, हद्दीच्या पलीकडे, जी जमीन काल त्यांचीच होती, तिथे भिंत घातली. ही सगळी घरे कागदावर अनधिकृत ठरली.

आमच्या दारावरही नोटीस चिकटवली गेली. कोणत्या कार्यालयाची ते सांगत नाही, व्यक्तींशी माझे भांडण नाही. नोटिशीत लिहिले होते की बांधकाम विनापरवाना आहे. आई त्याच घरात लग्न होऊन आली होती. तिने कागद दोनदा वाचून घेतला आणि विचारले, परवानगी द्यायचे ऑफिस तेव्हा इथे होते का? या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हते, आजही नाही. त्यानंतर पावसाळा संपला की आई दरवर्षी विचारते, या वर्षी येतील का पाडायला. ऐंशीच्या घरात गेलेल्या बाईने स्वतःच्या घरात असे जगावे का?

ही घरे नियमित करण्याचे शासन निर्णय निघाले, हे मला माहीत आहे. कधी गावठाणाच्या हद्दीपासून २०० मीटरपर्यंतची, कधी २५० मीटरपर्यंतची. जमीन मालकीने नाही, भाडेपट्ट्याने. पैसे भरून. ज्या जमिनीचे आम्ही मालक होतो, ती आम्ही आता भाडेपट्ट्याने घ्यायची आणि त्याला सवलत म्हणायचे. प्रत्येक निवडणुकीआधी गावात बैठक होते, टाळ्या होतात, आणि नंतर मोजणीदार कुठल्या गल्लीत थांबला ते कोणालाच सांगता येत नाही. नवी मुंबई महानगरपालिका १ जानेवारी १९९२ रोजी अस्तित्वात आली. तिची स्वतःची प्रारूप विकास योजना प्रसिद्ध व्हायला २०२२ साल उजाडले. तीस वर्षे आम्ही महापालिकेचे नागरिक होतो, करदाते होतो, मतदार होतो, आणि तिच्या विकास योजनेत आम्ही कुठे आहोत हे पाहायला ती योजनाच नव्हती.

गावठाणाला दाटीवाटीची वस्ती म्हणून नाके मुरडणाऱ्यांना एक विचारायचे आहे. ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या कारखान्यांत जो कामगार आला, बाजार समितीत जो माथाडी आला, शहराच्या आखीव सेक्टरमधल्या घरांत जी बाई भांडी घासायला येते, इमारतीच्या दारावर जो रात्रभर उभा असतो, ते सगळे राहतात कुठे? वीस लाखांच्या शहराच्या आराखड्यात त्यांना परवडेल अशी भाड्याची खोली पुरेशा संख्येने आखलीच गेली नाही. ती खोली गावठाणाने दिली. आमच्या चाळीत सातारचे, बीडचे, बिहारचे बिऱ्हाड आहे. शेती गेल्यावर भाडे हेच आमचे पीक झाले. या शहरातले सर्वांत स्वस्त भाड्याचे घर आम्ही बांधले, कुठलाही अनुदानाचा पैसा न घेता. त्या घरालाच हातोडा लावायचा असेल तर आधी त्या बाईची राहण्याची सोय कुठे केली आहे ते सांगा.

आणखी एक गोष्ट, जी नकाशावर दिसत नाही पण पावसाळ्यात गुडघ्यापर्यंत कळते. सेक्टर वसवताना खारजमिनीवर भराव टाकला गेला. भरतीचे पाणी आणि पावसाचे पाणी यांची गाठ पडू नये म्हणून धारण तलाव खोदले, भरतीदारे बसवली. योजना विचारपूर्वक केलेली होती, मी तिला नावे ठेवत नाही. पण भरावाने सेक्टर वर गेले आणि आमची गावे खाली राहिली. पूर्वी गाव उंचावर होते आणि शेत खाली. आता उलट झाले. वरच्या रस्त्यांचे पाणी गल्लीत येते. धारण तलावांत गाळ साचला, कांदळवन वाढले, त्यांची पाणी धरायची ताकद घटली. आजोबांच्या काळी उघाडी कोणी आणि कधी उचलायची हे गावातल्या पोरालाही ठाऊक होते. आज भरतीदाराची दुरुस्ती कोणाकडे आहे हे शोधताना अर्धा पावसाळा निघून जातो.

पुन्हा मूळ कल्पनेकडे येतो. शासनाची कार्यालये खाडीपलीकडे येतील, सत्तेचे केंद्र इकडे सरकेल, हा जुळ्या शहराचा कणा होता. मंत्रालय नरिमन पॉइंटलाच राहिले. शासनाने आपला वाटा पाळला नाही. आम्हाला मात्र जागा खाली करावी लागली.

नवी मुंबई विमानतळासाठी उलव्याची टेकडी कापली, उलवे नदी वळवली, दहा गावे आणि पाडे उठवले. तेव्हा साडेबाराऐवजी साडेबावीस टक्के मिळाले. म्हणजे जास्त देता येते, हे सिद्ध झाले. मग १९७० च्या दशकात ज्यांनी जमीन दिली त्यांच्याशी वेगळा हिशेब का?

आता तुमच्याबद्दल. तुमच्याकडे उपग्रहाची छायाचित्रे आहेत, ड्रोन आहेत. आधीच्या पिढीला माहिती नव्हती, असे म्हणता येईल. तुम्हाला ते म्हणता येणार नाही. म्हणून काही मागण्या थेट करतो. पहिल्याच नकाशावर प्रत्येक गावठाण दाखवा, आजची वस्ती मोजून, आणि त्याभोवती पुढच्या दोन पिढ्यांच्या घरांसाठी जागा गावाच्याच नावाने सोडा. ती जागा उद्यान, मैदान, बाजार कशासाठीही राखू नका. परतीचा भूखंड जमिनीचा ताबा घेण्याआधी द्या, त्याच गावात द्या, आणि सातबाऱ्यावर जसे बहिणींचे नाव असते तसे वाटपपत्रावरही ठेवा. सातबारा नसलेला मिठागर कामगार आणि खाडीत जाणारी कोळीण यांची यादी आताच करा, दहा वर्षांनी ती करता येणार नाही. भराव टाकताना गावाची उंची आधी मोजा. खारबांध आणि उघाड्या तोडण्याआधी त्या राखणाऱ्या माणसांशी बोला. उरण-पेणच्या खाजणात अशी माणसे अजून आहेत.

आणि तुम्ही, १२४ गावांतल्या माझ्या भावा-बहिणींनो, तुम्हालाही हात जोडून सांगतो. ग्रामसभा बोलवा. घराची, वाड्याची, खळ्याची, मंदिराची, होडी लागते त्या जागेची मोजणी करून घ्या आणि नकाशा पंचायतीच्या दप्तरात ठेवा. हरकत लेखी द्या आणि पोच घ्या. वारसनोंदी याच वर्षी पूर्ण करा, कारण उशिरा लागलेली वारसनोंद आमच्याकडे अनेक घरांना भूखंडापेक्षा महाग पडली. भूखंडाचे पत्र येण्याआधी कोणत्याही कागदावर अंगठा लावू नका.

नियोजनकार मंडळींनो, मला उत्तर पत्राने नको, नकाशाने हवे आहे. तुमच्या पहिल्या प्रारूपात एकशेचोवीसच्या एकशेचोवीस गावठाणांची हद्द, वाढीच्या जागेसह, आखलेली असू द्या. तसे झाले नाही तर पन्नास वर्षांनी पेणच्या एखाद्या गावातून हेच पत्र पुन्हा लिहिले जाईल, आणि तेव्हा ज्यांच्यावर आरोप असेल ते तुम्ही असाल.

आपला,
ठाणे खाडीकाठच्या एका गावठाणातला रहिवासी