लॉकिनआयलंडचे सहा बळी

१८ जून १९९४ च्या रात्री उत्तर आयर्लंडमधील लॉकिनआयलंड या खेड्यातील एका मद्यगृहात गावकरी दूरचित्रवाणीसमोर जमले होते. विश्वचषक फुटबॉल स्पर्धेत, तिकडे अमेरिकेत, आयर्लंडचा संघ इटलीशी झुंजत होता. आयर्लंडने एक गोल चढवला होता. उत्तरार्ध नुकताच सुरू झाला होता. इतक्यात अल्स्टर व्हॉलंटिअर फोर्स या ब्रिटननिष्ठ सशस्त्र संघटनेचे बंदूकधारी आत शिरले. सहाजण ठार झाले, पाच जखमी झाले. मृतांत ८७ वर्षांचा एक वृद्ध होता. सहाही जण कॅथलिक; त्यांचा अपराध काय तो एवढाच.

त्यांच्या लाडक्या संघाचा प्रशिक्षक जॅक चार्लटन हा १९६६ साली इंग्लंडच्या विश्वविजयी संघातून खेळलेला इंग्रज होता; गोल करणारा रे हॉटन ग्लासगोत जन्मलेला. मैदानावर राष्ट्र इतके ऐसपैस झाले होते. गावात मात्र माणूस धर्मावरून हेरला जात होता.

अशा घटनेला ‘माथेफिरूंचे कृत्य’ म्हणून हात झटकण्याची रीत आहे. पोलीस लोकपाल मायकेल मग्वायर यांच्या २०१६ च्या अहवालाने ती पळवाट बंद केली. पोलिसांचे संगनमत हे या हत्याकांडाचे ठळक अंग असल्याचे त्यांनी नोंदवले. मारेकऱ्यांची मोटार हा महत्त्वाचा पुरावा. ती १९९५ सालीच नष्ट करण्यात आली होती. खबऱ्यांना सांभाळण्याच्या धोरणाची छायाही तपासावर पडली. उलट, या प्रकरणावर माहितीपट काढणाऱ्या दोन पत्रकारांनाच २०१८ साली अटक झाली. पुढे न्यायालयाने त्यांच्याविरुद्धचे झडतीचे हुकूम रद्द केले. खुनांबद्दल मात्र आजवर एकालाही शिक्षा झालेली नाही.

अर्थशास्त्राच्या परिभाषेत बोलायचे तर खबऱ्या ही सत्तेची गुंतवणूक असते. ती बुडू नये म्हणून सामान्य नागरिकांचे प्राण खर्ची पडतात, आणि गुप्ततेच्या नावाखाली हा जमाखर्च लोकांपुढे कधी येत नाही.

१८ जून २०१२ रोजी युरोपीय स्पर्धेत आयर्लंड पुन्हा इटलीशी खेळले, तेव्हा खेळाडूंनी या बळींच्या स्मरणार्थ दंडावर काळ्या फिती बांधल्या. खेळाडूंना जे शक्य होते ते त्यांनी केले. न्याय देणे हे शासनाचे काम, आणि ते अजून बाकी आहे. अशा प्रत्येक प्रसंगी शांततेचे आवाहन करून कार्यकर्त्याने थांबता कामा नये. गोळी कोणी झाडली या प्रश्नापाठोपाठ, त्याला कोणी पाठीशी घातले हाही प्रश्न त्याने विचारलाच पाहिजे.