परग्रहावरचा माणूस

परग्रहावरून येणारा पाहुणा आमच्या कथांत आणि चित्रपटांत बहुधा दोन पायांवर चालत येतो. त्याला दोन हात असतात, हातांना बोटे असतात, खांद्यांवर एकच मस्तक असते आणि त्या मस्तकावरचे दोन डोळे पुढच्याच बाजूस असतात. रंग निळा किंवा हिरवा असेल, कान टोकदार असतील, कपाळ जरा मोठे असेल. परंतु शिंप्याला त्याचे माप घेण्यास अडचण पडू नये, एवढी खबरदारी निर्मात्याने घेतलेली असते. 2003 सालच्या ‘कोई मिल गया’ या चित्रपटातील ‘जादू’ निदान निळा तरी होता. 2014 सालच्या ‘पीके’मधील पाहुण्यास तेवढाही रंग लावावा लागला नाही. अब्जावधी कोसांचे अंतर तोडून यावे आणि आल्यावर शेजारच्या गल्लीतल्या गृहस्थासारखे दिसावे, या चमत्काराचे कोणासच नवल वाटत नाही, याचेच आम्हांस मोठे नवल वाटते.

या प्रकाराचे समर्थन करणारे तीन पक्ष आहेत. त्यांचे म्हणणे क्रमाने तपासून पाहू.

पहिला पक्ष व्यवहाराचा. नट हा मनुष्यच असावयाचा. त्यास रंग फासता येईल, कान चिकटवता येतील, पण त्याचे आठ पाय करता येणार नाहीत, असे हा पक्ष म्हणतो. अमेरिकेत 1966 साली ‘स्टार ट्रेक’ ही मालिका सुरू झाली, तेव्हा तिच्यापुढे ही अडचण खरोखरीच होती. रंगभूमीची ही अडचण आम्हांस मान्य आहे. परंतु कागदाला ती कोठे आहे? दोन पायांचा प्राणी लिहावयास जेवढी शाई लागते, तेवढीच आठ पायांचा लिहावयास लागते. एच. जी. वेल्स याने 1898 साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध केलेल्या कादंबरीतील मंगळवासी म्हणजे नुसती मोठाली डोकी आणि त्यांना फुटलेल्या शुंडा. त्यांना धड नाही की पाय नाहीत. त्या पुस्तकाचे वाचक काही कमी झाले नाहीत. आणि गंमत अशी की, जी गोष्ट प्रथम केवळ निरुपाय म्हणून केली, तिलाच पुढे सिद्धान्ताचे रूप येते. त्याच ‘स्टार ट्रेक’च्या उत्तरमालिकेत 1993 साली असे सांगण्यात आले की, फार प्राचीन काळी एका मानवाकृती जातीने आपले बीज ग्रहोग्रही पेरले, म्हणून सगळीकडे माणसेच दिसतात! रंगपटातील गरिबीला अशा रीतीने विश्वाच्या इतिहासात मानाचे पान मिळाले.

दुसरा पक्ष शास्त्राचा आधार घेतो, म्हणून त्याचा विचार अधिक आदराने केला पाहिजे. त्याचे म्हणणे असे की, निसर्गाच्या अडचणी सर्वत्र सारख्याच, तेव्हा त्यांतून निघणारे मार्गही सारखेच निघणार. मनुष्य आणि आठ भुजांचा सागरी ऑक्टोपस यांचे घराणे कोट्यवधी वर्षांपूर्वी वेगळे झाले, तरी दोघांच्याही डोळ्यांत भिंग आहे व त्यामागे पडदा आहे. सायमन कॉन्वे मॉरिस या केंब्रिजच्या पंडिताने 2003 साली हाच मुद्दा मोठ्या विद्वत्तेने मांडला. परंतु यावरून सिद्ध काय होते? डोळा दोनदा झाला, एवढेच. डोळा दोनदा झाला म्हणून माणूस दोनदा झाला नाही. त्याच ऑक्टोपसच्या सुमारे पन्नास कोटी मज्जापेशींपैकी अदमासे दोन तृतीयांश त्याच्या भुजांत असतात. म्हणजे तो ज्याने पकडतो, त्यानेच पुष्कळसा विचारही करतो. समान डोळ्यामागे इतके असमान मन याच पृथ्वीवर, याच समुद्रात असू शकते, तर दुसऱ्या सूर्याभोवतीच्या प्राण्याने आमच्यासारखे हातपाय हलवावे, असा आग्रह का?

आमचे चार अवयव ही सुद्धा बुद्धीने केलेली निवड नव्हे. काही प्राचीन मत्स्यांना पुढे दोन व मागे दोन असे मांसल पर होते. त्यांच्या वंशात आम्ही जन्मलो, म्हणून आम्हांस दोन हात आणि दोन पाय. सुमारे 36 कोटी वर्षांपूर्वीच्या ‘अकँथोस्टेगा’ नामक चतुष्पादाच्या पुढील पायाला आठ बोटे होती. वंशाचा ओघ थोडा निराळा वळता, तर आम्ही दहाऐवजी सोळा बोटांवर हिशेब केला असता आणि सोळाच बोटे असणे हे बुद्धिमत्तेचे लक्षण म्हणून परग्रहवासीयासही सोळा बोटे चिकटवली असती. जॉर्ज गेलॉर्ड सिम्प्सन या जीवाश्मशास्त्रज्ञाने 1964 सालीच बजावले होते की, मनुष्यासारखा प्राणी इतरत्र पुन्हा घडण्याची शक्यता नगण्य होय. स्टीफन जे गुल्ड याने 1989 साली तोच विचार लोकांपर्यंत पोहोचवला. तेव्हा शास्त्राच्या नावाने मानवाकृती पाहुण्याची शिफारस करणाऱ्यांनी शास्त्रालाच साक्षीस बोलावू नये. ते त्यांच्या बाजूने फारसे बोलणार नाही.

तिसरा पक्ष रसिकांचा. त्यांचे म्हणणे असे की, वाचकाच्या हृदयात सहानुभूती उत्पन्न व्हावयाची तर समोर चेहरा पाहिजे. ढगासाठी किंवा चिखलाच्या गोळ्यासाठी कोण रडणार? हा आक्षेप ऐकून, पैठण ज्यांच्या जिल्ह्यात आहे अशा आम्हां लोकांस हसू येते. पैठणच्या कथेत ज्ञानेश्वरांनी रेड्याच्या मुखाने वेद बोलवले. त्यासाठी त्या रेड्यास माणसाचे तोंड बसवावे लागले नाही. तो रेडा रेडाच राहिला, आणि तो रेडा राहिला यातच त्या कथेचे सर्व सामर्थ्य आहे. त्याच पैठणच्या एकनाथांनी रामेश्वरास न्यावयाच्या कावडीतील गंगोदक तहानेने तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखात घातले. नाथांना कळवळा येण्यापूर्वी त्या गाढवाने दोन पायांवर उभे राहावयास हवे होते काय? ज्या समाजाने शतकानुशतके या कथा लेकरांना सांगितल्या, त्याच्या हृदयाला मानवी चेहऱ्यावाचून पाझर फुटत नाही, असे म्हणणे म्हणजे त्या समाजाचा अपमान करणे होय. राहिला ढग. फ्रेड हॉइल या ज्योतिर्विदाने 1957 साली एका बुद्धिमान मेघावरच कादंबरी लिहिली आणि वाचकांनी त्या मेघाशी संवाद साधला. स्तानिस्लाव लेम याने 1961 साली एका ग्रहावरील संबंध महासागरच विचार करणारा कल्पिला. तेव्हा अडचण वाचकाच्या हृदयाची नसून लेखकाच्या आळसाची आहे.

येथे कोणी विचारील की, तुमच्या वेरूळ-अजिंठ्यास तरी दुसरे काय आहे? यक्ष, गंधर्व, नाग, अप्सरा, सर्वांना मानवी देहच दिलेला नाही काय? दिलेला आहे, आणि म्हणूनच आमचा मुद्दा तेथे जाऊन पाहण्यासारखा आहे. अजिंठ्याच्या 19 व्या लेण्याबाहेर नागराज आपल्या राणीसह बसला आहे. देह राजाचा, आसन राजाचे. परंतु मस्तकामागे फणांचे छत्र उभारलेले आहे. कैलास हलवू पाहणाऱ्या रावणास वेरूळच्या शिल्पकाराने अनेक मस्तके आणि अनेक भुजा दिल्या. त्या फणा व त्या भुजा पाहणाऱ्यास उघड सांगतात की, ‘हे रूप केवळ संकेताचे आहे; हा खरोखर असाच दिसतो, असे आम्ही म्हणत नाही.’ शिल्पकाराने मानवी रूप भाषेसारखे वापरले; निसर्गाची साक्ष म्हणून पुढे केले नाही. आमचे भांडण मानवी रूपाशी मुळीच नाही. संकेताला वास्तव म्हणून खपवण्याशी आहे. पुराणकाराने विज्ञानाची शपथ घेतलेली नव्हती; विज्ञानकथाकाराने ती नावातच घेतलेली आहे.

या बाबतीत मराठी विज्ञानकथेचे भाग्य असे की, तिला एक जाणता पुरुष लाभला. जयंत नारळीकर यांनी 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेस टोपणनावाने कथा पाठवली आणि पहिले पारितोषिक मिळवले. केंब्रिजमध्ये ते वर सांगितलेल्या हॉइल यांचेच शिष्य होते. 1979 साली त्यांचा ‘यक्षांची देणगी’ हा संग्रह निघाला, पुढे ‘वामन परत न आला’ ही कादंबरी आली. ‘यक्ष’, ‘वामन’ ही नावे त्यांनी पुराणातून उचलली; परंतु उघडपणे उचलली. नाव वाचताच मराठी वाचकास कळते की, जुन्या शब्दाच्या पात्रात नवे पेय दिले जात आहे. मे 2025 मध्ये नारळीकर गेले. त्यांच्या मागून लिहिणाऱ्यांनी त्यांच्यापासून हा प्रामाणिकपणा घ्यावा, केवळ यानांची आणि ग्रहांची नावे घेऊ नयेत.

‘अहो, गोष्टच ती, एवढे चिडावयाचे कारण काय?’ असे विचारणाऱ्यास आमचे उत्तर याच जिल्ह्याच्या कातळात कोरलेले आहे. एरिक फॉन डेनिकन याने 1968 साली, प्राचीन काळी परग्रहस्थ पृथ्वीवर येऊन गेले, अशी कल्पना पुस्तकरूपाने गाजवली. तेव्हापासून जगातील मोठमोठ्या वास्तूंच्या खऱ्या कर्त्यांस बेदखल करण्याचा धंदा चालू आहे, आणि वेरूळचे कैलास लेणे त्यातून सुटलेले नाही. हे काम माणसाचे नव्हे, परग्रहवासीयांचे, असे दूरचित्रवाणीवर आणि समाजमाध्यमांतून सांगितले जाते, आणि आमचीच मुले ते मिटक्या मारीत ऐकतात. आता विचार करा: या थापेला मानवाकृती पाहुण्यावाचून उभे तरी राहता येईल काय? बुद्धिमान मेघाला नंदी कशाला हवा? विचार करणाऱ्या महासागराला शिवलिंग कशाला? कैलास कोरणाऱ्या परग्रहवासीयास हात हवेत, छिन्नी हवी, शंकराची भक्ती हवी आणि राष्ट्रकूट राजाची मर्जीही हवी. कथा-चित्रपटांनी असा आयता माणूस आधीच तयार करून ठेवला. भोंदूंनी त्याला फक्त वेरूळच्या डोंगरावर आणून उभे केले.

वस्तुस्थिती काय आहे? राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याने सुमारे 756 ते 773 या काळात राज्य केले, आणि मंदिराचा मुख्य भाग त्याच्या काळचा मानतात. सुमारे दोन लक्ष टन दगड काढला गेला असे अनुमान करतात. सतरा वर्षे, वर्षाचे तीनशे दिवस आणि अडीचशे माणसे एवढेच धरले, तरी दररोज माणशी दीडशे-पावणेदोनशे किलो दगड निघतो. म्हणजे ज्याची बाजू एक हातही भरणार नाही असा एक ठोकळा. हे कष्टाचे काम आहे, अलौकिक नव्हे. भिंतींवर छिन्नीचे वळ अद्याप दिसतात. आणि खोदकामाची रीत कोणास पाहावयाची असेल, तर अजिंठ्याचे अपुरे राहिलेले 24 वे लेणे तिचा धडा देण्यास उघडेच आहे.

बडोद्यास सापडलेल्या, शके 734 म्हणजे इ. स. 812 च्या सुमाराच्या कर्कराजाच्या ताम्रपटात या मंदिराचे जे वर्णन आहे, त्याचा आशय वाचकांनी मुद्दाम ध्यानात घ्यावा. विमानांतून जाणारे देव हे मंदिर पाहून थक्क होतात आणि हे कोणी घडवलेले नसून स्वयंभूच असावे, असे म्हणतात. ज्याने ते घडवले तो शिल्पी मात्र, असे दुसरे आपल्या हातून होईना, तेव्हा हे आपण केले तरी कसे, म्हणून स्वतःच विस्मित होतो. बाराशे वर्षांपूर्वीच्या कवीने आकाशातल्या प्रवाशांना प्रेक्षकांच्या जागी बसवले आणि कर्तृत्व माणसाकडे ठेवले. आजचा सुशिक्षित तरुण नेमके उलटे करतो. अंधश्रद्धेचा आरोप कोणावर ठेवावयाचा, हे वाचकांनीच ठरवावे.

आकाशातून आमच्या भागात खरोखर काय आले, हे पाहावयाचे असेल तर बुलढाणा जिल्ह्यातील लोणारास जावे. तेथे एक अशनी आदळला आणि बेसाल्ट खडकात सुमारे पावणेदोन किलोमीटर व्यासाचे विवर पडले. लोकांनी त्या विवरात लवणासुर नावाचा दैत्य वसवला आणि त्याच्या पारिपत्यास दैत्यसूदन विष्णूस पाठवले. आला दगड, आणि कथेला लागला देहधारी शत्रू. त्या लोकांस दोष देण्याचे कारण नाही. परंतु जून 2020 मध्ये त्याच सरोवराचे पाणी गुलाबी झाले, आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने त्याचे कारण शोधले, ते निघाले क्षारप्रेमी सूक्ष्मजीव. चेहरा नाही, हात नाहीत. जे पाणी आम्ही तोंडात धरू शकणार नाही, त्यात ते सुखाने नांदतात. परग्रहावर जीव भेटलाच तर तो ‘जादू’पेक्षा यांच्यासारखा असण्याचाच संभव अधिक. मात्र त्यांच्यावर मराठीत उत्तम कथा लिहावी, असे कोणास सुचल्याचे आमच्या पाहण्यात नाही.

आमची मागणी फार मोठी नाही. लेखकाने परग्रहवासीयास मानवी रूप द्यावयाचे असेल तर अवश्य द्यावे. पण अजिंठ्याच्या नागराजाप्रमाणे त्याच्या मागे फणांचे छत्र दिसू द्यावे, म्हणजे संकेत संकेतच राहील. तसे करावयाचे नसेल तर मग कष्ट करावे: त्या ग्रहावर उजेड किती, भार किती, पाणी कोणते, हे विचारावे आणि त्यातून जो प्राणी निघेल, तो कितीही अनोळखी असला तरी पुढे आणावा. आणि घरातील वडीलधाऱ्यांनी मुलांस कैलासापुढे उभे करावे, तेव्हा आधी भिंतीवरचे छिन्नीचे वळ दाखवावे. ते कोणाच्या हातचे आहेत हे मुलांना एकदा नीट कळले, म्हणजे परग्रहावरच्या पाहुण्याला आमचे हात उसने देण्याची गरज कोणासच वाटणार नाही.